नोंदवहीतील नाव आणि यंत्रातील नाव

(मंडळाच्या वर्धापनदिनाच्या सभेत दिलेले व्याख्यान)



वर्धापनदिनाच्या व्याख्यानाला आपल्याकडे बहुधा आहारशास्त्र, बालसंगोपन, नाही तर संतवाङ्मय असा विषय असतो. यंदा ‘मंडळाच्या नोंदी आणि संगणक’ असा विषय जाहीर झाला तेव्हा काहीजणींच्या कपाळाला आठ्या पडल्या, हे माझ्या कानावर आले आहे. त्यांना आधीच सांगते, की यंत्र आतून कसे चालते हे मी सांगणार नाही. कुकरमध्ये भात लावणारीला शिटी कशी घडवितात हे ठाऊक असावे लागत नाही. मला बोलावयाचे आहे ते यंत्रात आपण काय घालतो, कोणाच्या नावाने घालतो आणि वेळेला ते परत हाती येते की नाही, एवढ्याविषयीच.

मी एका पतसंस्थेच्या नोंदणी-विभागात २७ वर्षे काढली. आधीची वर्षे खतावणीत गेली, नंतरची संगणकावर. निवृत्त झाल्यापासून आपल्या विक्री-केंद्राच्या याद्या पाहते. त्यामुळे मी सांगेन ते थोडे वाचलेले आणि पुष्कळसे हाताखालून गेलेले असेल.

गेल्या पाडव्याला मंडळाने नवा संगणक घेतला. पूजा झाली, पेढे वाटले, आणि ‘सुटलो एकदाच्या वह्यांतून’ असे उद्गारही निघाले. वह्यांतून सुटका झाली हे खरेच. पण वहीबरोबर वही लिहिणारीचे डोके असते, ते यंत्राबरोबर येत नाही. चकली-विभागाची वही ज्या बाई लिहीत, त्यांना कामाला येणारी प्रत्येकजण घरादारासकट ठाऊक. वहीत नुसते ‘तळमजल्यावरच्या वहिनी, ४ किलो’ असे लिहिलेले असे आणि कधी घोटाळा होत नसे. यंत्राला तळमजल्यावरच्या वहिनी कळत नाहीत. त्याला ती अक्षरे दिसतात. आणि मागच्या खेपेला कोणी ‘वहिनी, तळमजला’ असे उलटे लिहिले असेल, तर त्याच्या लेखी ह्या दोन बायका झाल्या.

१९५९ साली गिरगावात सात भगिनींनी ८० रुपये उसने घेऊन पापड लाटावयास प्रारंभ केला आणि त्यातून पुढे ‘लिज्जत’ उभे राहिले, हे आपण सर्वजणी जाणतोच. सातजणींना ओळखण्यासाठी यादी लागत नाही. आज तेथे सुमारे ४५,००० भगिनी आहेत. तेथे क्रमांकावाचून एक दिवस चालावयाचे नाही. आपण मध्येच कोठे तरी आहोत. सभासद दोनशेच्या आतबाहेर, कामाला येणाऱ्या त्याच्या तिसऱ्या हिश्शाने, आणि दिवाळीत गिऱ्हाइके मोजता येऊ नयेत इतकी. तोंडओळख पुरेनाशी झाली, आणि मोठ्या संस्थेची शिस्त अजून अंगी लागली नाही. सगळ्यांत अडचणीची अवस्था हीच.

नावाचा प्रश्न मी आधी घेते, कारण तो विशेषेकरून आपला बायकांचा आहे. पुरुषाचे नाव बारशापासून अखेरपर्यंत बहुधा एकच. आपल्याकडे मुलीचे लग्न झाले की वडिलांच्या नावाच्या जागी नवऱ्याचे येते, आडनाव बदलते, आणि कित्येक घरांत तांदळाच्या ताटात अंगठीने लिहून पहिले नावही बदलतात. नावाचे भाग तीन, आणि तिन्ही बदलले! शाळेच्या दाखल्यावर एक नाव, रेशनकार्डावर दुसरे, बँकेत तिसरे. कोणी माहेरचे आडनाव तसेच ठेवते, कोणी दोन्ही लावते, कोणी पुढे काही कारणाने पहिल्या नावाकडे परतते. कोणी कोणते नाव लावावे हा जिचा तिचा प्रश्न आहे. मात्र नोंद अशी हवी, की नाव बदलले तरी बाई हरवू नये.

त्यातून आपली सौ. आणि श्रीमती. पूर्वीच्या यादीत ही बिरुदे नावालाच चिकटवून लिहिलेली होती. यादी अकारविल्हे लावावयास सांगितली, तर यंत्राने इमानाने तीन-चतुर्थांश मंडळ ‘स’खाली आणून ठेवले. ह्यावर आम्ही पुष्कळ हसलो. पण यजमान गेल्यावर एका भगिनीची नोंद ‘श्रीमती’ अशी नव्याने झाली आणि तिची जुनी ठेव ‘सौ.’च्या नोंदीखालीच राहिली, तेव्हा हसू आले नाही. दुःखाच्या दिवसांत तिला स्वतःच्याच पैशासाठी ‘ती मीच’ असे कागदोपत्री सिद्ध करीत बसावे लागले.

इंग्रजी लिपीत लिहावयाचे म्हटले की आणखी गोंधळ. ‘लक्ष्मी’ कोणी एल्-ए-एक्स्-एम्-आय असे लिहिते, कोणी के-एस्-एच् घालून. ‘ज्योत्स्ना’चे तर विचारूच नका. ज्या कारकुनाने पहिल्यांदा जे लिहिले ते जन्माला चिकटले. शासनाने १ मे २०२४ नंतर जन्मलेल्या बालकांच्या नावात आईचे नाव घालणे आवश्यक केले आहे. स्वतःचे, मग आईचे, मग वडिलांचे, मग आडनाव असा क्रम आहे. निर्णय मला मनापासून आवडला. परंतु ज्यांच्या अर्जात आणि संगणकात नावाला तीनच चौकटी आहेत त्यांनी चौथे नाव कोठे बसवावयाचे, हे त्यांचे त्यांनाच ठरवावे लागत आहे. कोणी ते पहिल्याच चौकटीत कोंबील, कोणी मधल्या, आणि वीस वर्षांनी त्या मुलांच्या दोन-दोन नोंदी निघतील.

आता ज्या गोष्टीमुळे मी हा विषय स्वीकारला ती सांगते. नाव सांगणार नाही, आणि कोणी विचारूही नये. आपल्याकडे नियम आहे, की दिवाळीच्या हंगामात ५० किलोंच्या वर काम करणारीला मजुरीवर जादा रक्कम मिळते. एक भगिनी सकाळी चकलीला आणि दुपारी भाजणीला येत. सकाळच्या यादीत त्यांचे सासरचे पूर्ण नाव होते. दुपारच्या यादीत, त्यांना तेथे आणणाऱ्या मैत्रिणीने सांगितलेले, माहेरचे. दोन्ही याद्या यंत्रात गेल्या. एका नावावर ३८ किलो, दुसऱ्यावर २२. दोन्ही पन्नासाच्या आत. मजुरी दोन हप्त्यांत मिळाली, जादा रक्कम मिळाली नाही. असे लागोपाठ दोन दिवाळ्या झाले. याद्या एकत्र करताना एकच पत्ता दोनदा दिसला तेव्हा उलगडा झाला आणि मंडळाने बाकी चुकती केली. त्या भगिनींना मी विचारले, ‘अहो, तुम्ही बोलला का नाहीत?’ त्या म्हणाल्या, ‘मला वाटले, मशिनात तसे आहे म्हणजे कमिटीने तसेच ठरवले असेल.’

भगिनींनो, वही उघडी असे. आपल्या नावापुढचा आकडा कोणीही वाकून पाहत असे आणि ‘अगं, मी पाच दिले, चार काय लिहितेस?’ म्हणून भांडतही असे. ते भांडण म्हणजेच तपासणी होती. यंत्र टेबलामागे गेले, त्याचा पडदा लिहिणारीकडे वळला, आणि जिची नोंद आहे तिलाच ती दिसेनाशी झाली. दोन नोंदी होणे ही अडचण आज ना उद्या कोठेही येते. पण ‘मशिनात तसे आहे’ म्हटल्यावर माणूस गप्प बसते, ही गोष्ट मला अधिक काळजीची वाटते.

मग ओळख कशाने धरावी? नावाने नाही, हे झालेच. दूरध्वनीच्या क्रमांकाने धरावी असे काहीजणींचे म्हणणे होते. पण आपल्यातील कित्येकींनी मुलाचा क्रमांक दिलेला आहे, आणि सासूसुनेचा मिळून एकच क्रमांक असलेली घरे मला तोंडपाठ आहेत. म्हणून मंडळाचा स्वतःचा सभासद-क्रमांक हवा. तोही अर्थशून्य हवा, ह्या माझ्या म्हणण्यावर बैठकीत बराच वाद झाला. कोणी म्हणाले, क्रमांकात आळीचे अक्षर घाला, वर्ष घाला, विभाग घाला, म्हणजे पाहताक्षणी कळेल. कळेल खरे. पण बाई आळी सोडून गेली म्हणजे काय करावयाचे? क्रमांक बदलला तर मागचे सारे तुटले, आणि न बदलला तर तो खोटे सांगू लागला. क्रमांकाने एवढेच सांगावे, की ही ती आहे. बाकीचे सांगावयाला त्याच्यापुढे रकाने आहेत.

आधारचे सर्वांत पहिले कार्ड २९ सप्टेंबर २०१० रोजी आपल्याच नंदुरबार जिल्ह्यात, टेंभली गावच्या रंजना सोनवणे ह्या भगिनीला मिळाले होते. त्या बारा अंकांतील शेवटचा अंक माहितीचा नसून राखणीचा आहे. व्हेरहूफ नावाच्या डच गणितज्ञाने १९६९ साली तो हिशेब बसविला. मागच्या अकरा अंकांवरून तो काढतात. लिहिताना एक अंक चुकला, किंवा शेजारचे दोन अंक उलटसुलट झाले, तर ताळा जुळत नाही आणि यंत्र तेथेच अडवते. माणसाच्या हातून ज्या चुका सर्वांत अधिक होतात, नेमक्या त्यांच्यासाठी हा पहारा आहे. पण त्याची मर्यादाही ओळखली पाहिजे. एका बाईपुढे दुसऱ्या बाईचा बिनचूक क्रमांक लिहिला, तर ताळा बरोबरच येणार. बँकेतही हेच. आपण नेफ्टने रक्कम पाठवितो तेव्हा ती खाते-क्रमांकावर जमा होते. नाव निराळे असले तरी रक्कम अडत नाही. आता रिझर्व्ह बँकेच्या आदेशानुसार १ एप्रिल २०२५ पासून पाठविण्याआधी खातेदाराचे नाव पाहण्याची सोय बँकांनी द्यावयाची आहे. मजुरी पाठविणाऱ्यांनी ती दर वेळी वापरावी, घाई असली तरी.

क्रमांक दिला की पुढची गोष्ट सोपी होते. आपल्याकडे एका भगिनीचा पत्ता चार ठिकाणी लिहिलेला होता: सभासद-यादीत, भिशीत, मजुरीत आणि सहलीच्या वहीत. ती घर बदलून गेली. सहलीच्या वहीत पत्ता बदलला, कारण बस तिच्या दारावरून जाणार होती. इतर तीन ठिकाणी जुनाच राहिला. आता खरा कोणता हे कोणी सांगावे? ह्या दुखण्यावर इलाज एडगर कॉड ह्या इंग्लंडात जन्मलेल्या गणितज्ञाने आयबीएम कंपनीत असताना १९७० साली एका निबंधात मांडला, आणि आजचे बहुतेक डेटाबेस त्याच पायावर उभे आहेत. माहिती साध्या रकान्यांच्या तक्त्यांत ठेवावी, आणि तक्ते एकमेकांशी खुणेच्या क्रमांकाने जोडावेत. त्यातूनच पुढे नियम आला, की एक गोष्ट एकाच ठिकाणी लिहावी. भिशीच्या तक्त्यात पत्ता नकोच. तेथे क्रमांक असला, की पत्ता सभासदांच्या तक्त्यातून हवा तेव्हा पाहता येतो. आपण मीठ प्रत्येक पातेल्याशेजारी निराळ्या वाटीत ठेवीत नाही, मिठाचा डबा एकच असतो, तसे समजा.

मात्र एका गोष्टीला हा नियम सरळ लावला की फसगत होते, आणि ती म्हणजे भाव. चकलीचा भाव मालाच्या यादीत एकदाच लिहिला आणि सगळी बिले तेथूनच भाव उचलू लागली, तर भाव वाढविल्याबरोबर गेल्या वर्षीची जुनी बिलेही नव्या भावाची दिसू लागतात! विकताना जो भाव होता तो त्या विक्रीचाच भाग आहे, म्हणून तो बिलातही लिहून ठेवावयाचा. २२ सप्टेंबर २०२५ रोजी वेष्टणातल्या नमकीन पदार्थांवरचा जीएसटी १२ टक्क्यांवरून ५ टक्क्यांवर आला. ज्या दुकानांना तो कर लागू आहे, त्यांतल्या ज्यांनी दर कोणत्या तारखेपासून कोणता हे लिहिण्याची जागाच यंत्रात ठेवली नव्हती, त्यांची ऐन दिवाळीच्या तोंडावर तारांबळ उडाली असणार. घरातल्या वाणसामानाच्या वहीतसुद्धा आपण तारीख घालून भाव लिहितो.

मालाच्या नावांचे थोडक्यात सांगते. आपल्या यादीत ‘पातळ पोह्यांचा चिवडा’, ‘चिवडा पातळ पोहे’ आणि ‘पा. पो. चिवडा’ असे तीन चिवडे होते, आणि एकात शिल्लक, दुसऱ्यात तूट असा चमत्कार दर आठवड्याला होई. वजन कोणी ‘पाव’ लिहिले, कोणी ‘२५०’, कोणी ‘०.२५’. बेरीज केली की एकाच दिवशी शेकड्यांनी किलो विकल्याचे निघे. आता पदार्थाचे नाव टंकित करावयाचे नाही, यादीतून निवडावयाचे, वजन ग्रॅममध्येच. काहीजणींना हा जाच वाटतो हे मला माहीत आहे. त्यांनी थोडा सोसावा.

जुन्या मराठी याद्यांची एक निराळीच व्यथा आहे. २००५ च्या सुमारास आपल्या मंडळाने एका छापखान्यातून सभासदांची यादी संगणकावर करून घेतली होती. त्या काळी प्रत्येक मराठी फॉन्टची आतली रचना निराळी असे. तो फॉन्ट ज्या यंत्रावर नाही, तेथे ‘सावित्री’च्या जागी इंग्रजी अक्षरे आणि चिन्हांची खिचडी दिसते. युनिकोड ही सर्व लिप्यांची सामायिक रचना १९९१ पासून आहे आणि देवनागरी तिच्यात प्रथमपासून आहे. पण छपाईच्या कामात जुने फॉन्ट पुढे कितीतरी वर्षे चालले. ती यादी आम्ही रूपांतर करून घेतली आणि मग ओळ न् ओळ कागदाशी ताडून पाहिली. युनिकोडातही एक मौज आहे. ‘कऱ्हाड’ ह्या शब्दातला तो अर्धा र दोन तऱ्हांनी टंकित होतो. दिसावयाला हुबेहूब सारखा, पण यंत्राच्या लेखी शब्द दोन. कऱ्हाडच्या एका गिऱ्हाइकाची मागणी शोधताना ‘अशी नोंद नाही’ असे उत्तर येत होते आणि नोंद डोळ्यांसमोर दिसत होती!

पुष्कळ मंडळे सगळा कारभार एक्सेलच्या तक्त्यावर चालवितात. लहान कामाला तो चांगला आहे, पण तो आगाऊ आहे. आपण लिहिले त्याचा तो स्वतः अर्थ लावतो. शून्याने सुरू होणारा खाते-क्रमांक लिहिला की पुढचे शून्य गिळतो. शास्त्रज्ञांच्या एका जनुकाचे नाव मार्च-१ असे होते. तक्ता त्याची तारीख करून टाकी. ते इतक्या वेळा झाले, की २०२० साली तशा जनुकांची नावेच बदलून घेतली. म्हणजे शास्त्राने तक्त्यापुढे हात टेकले. त्याच वर्षी इंग्लंडात याहून गंभीर गोष्ट घडली. करोनाचे अहवाल जुन्या प्रकारच्या एक्सेल-फाईलमधून पुढे जात होते. त्या फाईलमध्ये ६५,५३६ ओळींपलीकडे जागा नसते. उरलेल्या ओळी गळून गेल्या, आणि २५ सप्टेंबर ते २ ऑक्टोबर ह्या आठवड्यातले १५,८४१ रुग्ण रोजच्या गणतीत आलेच नाहीत. रुग्णांना आपापला निकाल कळला होता, पण त्यांच्या सहवासात आलेल्यांना सावध करणे लांबले. एवढ्या मोठ्या देशात डबा भरला हे वेळेवर कोणाच्या लक्षात आले नाही.

आता बॅकअप, म्हणजे राखून ठेवलेली दुसरी प्रत. इथे मी जरा थांबणार आहे.

१९९८ साली अमेरिकेत पिक्सार कंपनीत ‘टॉय स्टोरी २’ ह्या मुलांच्या चित्रपटाचे काम चालू होते. कोणाकडून तरी पुसून टाकण्याची आज्ञा चुकीच्या जागी दिली गेली, आणि काम करणाऱ्यांच्या डोळ्यांदेखत पात्रे, देखावे एकामागून एक नाहीसे होऊ लागले. यंत्र बंद करीपर्यंत बहुतेक चित्रपट गेला होता. ‘असू दे, बॅकअप आहे’ म्हणून तो काढला, तर कित्येक आठवडे तो नीट होतच नव्हता असे आढळले. रोज रात्री प्रत निघत होती, पण ती चालते का हे कोणी पाहिले नव्हते. अशा वेळी गॅलिन सुसमन ह्या तांत्रिक दिग्दर्शिकेला आठवले, की तान्हे मूल घरी असल्याने आपण घरून काम करतो, आणि त्यासाठी चित्रपटाची प्रत आपल्या घरच्या यंत्रावर आहे. मग ते यंत्र ब्लँकेटांत गुंडाळून, मोटारीत मागच्या आसनावर पट्ट्याने बांधून, एखाद्या बाळंतिणीला न्यावे तसे कचेरीत नेले, आणि त्यावरून काम वाचले. पुढे चित्रपटाची कथाच बरीचशी नव्याने केली, ती गोष्ट वेगळी. आईने घरी नेलेल्या कामामुळे कंपनी तरली, ह्याचे मला राहून राहून कौतुक वाटते. परंतु कोणाच्या घरी तान्हे मूल असेल ह्या भरवशावर संस्था चालविता येत नाही.

दुसरी ३१ जानेवारी २०१७ ची गोष्ट. गिटलॅब नावाची कंपनी आहे; संगणकाचे कार्यक्रम लिहिणारे आपले काम तिच्याकडे ठेवतात. तेथल्या एका अभियंत्याने रात्री उशिरा, थकलेल्या अवस्थेत, भलत्याच यंत्रावरचा साठा पुसला. त्यांच्याकडे प्रती राखण्याचे एक-दोन नव्हे, पाच मार्ग होते. पाचांपैकी एकही भरवशाने चालत नव्हता. सहा तासांपूर्वी दुसऱ्याच कामासाठी काढलेली एक प्रत होती म्हणून बचावले. मधल्या सहा तासांचे मात्र गेले. कंपनीने हे सारे लपविले नाही, जगासमोर मांडले, ह्याबद्दल मला तिचा आदर वाटतो.

आपल्याकडे बॅकअप होता का? होता. पेनड्राइव्हवर. तो पेनड्राइव्ह कोठे होता? संगणकाखालच्या खणात. पाऊस खिडकीतून आला असता, चोर दारातून आला असता, तरी दोन्ही एकदमच गेले असते. आता एक प्रत कार्यालयात, एक चिटणीसबाईंच्या घरी आणि एक इंटरनेटवरच्या जागेत अशी व्यवस्था केली आहे. त्याहून महत्त्वाचे म्हणजे दर तीन महिन्यांनी ती प्रत निराळ्याच यंत्रावर उघडून पाहावयाची, दहा क्रमांक पुकारावयाचे, आणि त्या दहाजणींच्या नोंदी कागदाशी जुळतात का ते पाहावयाचे. लोणच्याची बरणी भरून फडताळात ठेवली म्हणजे काम झाले असे आपण कधी समजतो का? मधून मधून झाकण उघडून बुरशी आली नाही ना ते पाहतोच.

किल्ल्यांविषयी दोन शब्द. मागच्या कोषाध्यक्षबाई मुलाकडे परगावी राहावयास गेल्या. खात्याचा पासवर्ड त्यांच्या डायरीत होता, आणि तपासणीचा ओटीपी त्यांच्या सुनेच्या फोनवर येत होता. आपण महिनाभर, सुनेची कचेरी सुटण्याची वाट पाहून, बिले काढीत होतो. बिचारी सून कधी कंटाळली नाही, तिचे आभार. यापुढे पदाधिकारी बदलले, की किल्ल्यांबरोबर हेही त्याच दिवशी बदलावे. तसेच मजुरीच्या यादीचे छायाचित्र काढून व्हॉट्सअ‍ॅपच्या गटावर टाकण्याची पद्धत कृपा करून बंद करावी. त्यात भगिनींचे खाते-क्रमांक असतात. २०२३ साली लोकांच्या माहितीच्या संरक्षणाचा कायदा झाला आहे. पण कायदा नसता तरीही शेजारणीची मिळकत आपण चव्हाट्यावर वाचून दाखविली नसती.

शेवटचा मुद्दा वह्या रद्द करण्याचा. ह्या महिन्यापासून वह्या बंद कराव्यात अशी सूचना आहे. माझा तिला स्पष्ट विरोध आहे. इंग्लंडातल्या टीएसबी बँकेने एप्रिल २०१८ मध्ये एका शनिवार-रविवारी आपले सुमारे ५० लाख ग्राहक नव्या यंत्रणेवर हलविले. नोंदी बिनचूक हलल्या. पण प्रत्यक्ष गर्दीचा भार यंत्रणेला पेलला नाही, आणि पुष्कळांना कित्येक दिवस स्वतःच्या खात्यात डोकावताही येईना. सर्व सुरळीत व्हावयास डिसेंबर उजाडला, आणि पुढे २०२२ साली बँकेला ४ कोटी ८६ लाख पौंडांवर दंड झाला. आपली चाचणी मार्च-एप्रिलच्या सुस्त दिवसांत झालेली आहे. दिवाळीच्या आदल्या आठवड्यात, दोघीजणी एकदम लिहीत असताना, दारात गिऱ्हाइके उभी असताना यंत्र काय करते हे आपण अजून पाहिलेले नाही. तेव्हा ही एक दिवाळी वही आणि यंत्र दोन्ही चालू द्यावीत, रोज संध्याकाळी दोन्हींची बेरीज ताडावी. लिहिणारीला दुप्पट काम पडेल. तिला त्याची मजुरी द्यावी, फुकट सेवा म्हणून मागू नये.

कार्यकारिणीने माझी एक विनंती मान्य केली आहे, ती येथेच जाहीर करते. येत्या दोन शनिवारी दुपारी ३ ते ५ कार्यालयात प्रत्येकीची नोंद मोठ्याने वाचून दाखविली जाईल. ज्यांना मोठ्याने नको असेल त्यांना पडद्यावर दाखविली जाईल. पहिल्या शनिवारी १ ते १०० क्रमांक, दुसऱ्या शनिवारी उरलेले. ज्यांना अद्याप क्रमांक मिळाला नाही त्यांनी कोणत्याही शनिवारी यावे. येताना बँकेचे पासबुक आणावे, पूर्वीचे कोणते नाव लावीत असाल तर तेही सांगावे, आणि चष्मा विसरू नये. आकडा पटला नाही तर तेथेच भांडावे.